कॅमेरा कोणाच्या हातात?

वडगाव रासाईच्या कडेनं वाहणारी भीमा तीच, जी वर कोरेगावला आहे. तालुकाही एकच, शिरूर. माझी आजी एक जानेवारीला फडक्यात भाकरी बांधून कोरेगावच्या स्तंभाला जायची. निरक्षर बाई. पण दगडापुढं उभी राहून सांगायची, "पोरा, आपल्या मानसांची नावं हायेत ही." वाचता येत नव्हतं, पण इतिहास ठाऊक होता. शाळेत मला 1818 म्हणजे पेशवाईचा अस्त, एवढंच शिकवलं. आजी त्यात कुठंच नव्हती.

31 डिसेंबर 1817 च्या रात्री कॅप्टन स्टाँटनची सुमारे 800 जणांची तुकडी आमच्याच शिरूरहून पुण्याकडे निघाली. दुसऱ्या दिवशी कोरेगावात दिवसभर लढाई झाली. स्तंभाची पायाभरणी कंपनीनं 1821 साली केली, ती स्वतःच्या विजयासाठी. आपल्यावर उपकार म्हणून नव्हे. पण पडलेल्यांच्या यादीत 'नाक' लागलेली 22 नावं आली. याच इंग्रजांनी 1890 नंतर महारांची लष्करभरती बंद केली. 1 जानेवारी 1927 ला बाबासाहेब तिथं आले आणि साहेबाचा दगड आपला झाला. दगड तोच, वाचणारे बदलले.

मित्रांनो, आता दूरची गोष्ट सांगतो. अमेरिकेत नवाहो नावाचे आदिवासी आहेत. 1864 साली लष्करानं त्यांना त्यांच्या मुलखातून शेकडो मैल पायी हाकललं. 1868 साली ते परतले. पुढं हॉलिवूडनं त्यांच्याच भूमीवर चित्रपट काढले आणि नवाहोंना अपाची म्हणून उभं केलं. 1966 साली पाइन स्प्रिंग्ज इथं वर्थ आणि अडेर या दोन अभ्यासकांनी नवाहोंच्याच हाती कॅमेरे दिले. त्यांनी काय टिपलं? चांदीचे दागिने घडवणाऱ्यावरच्या फिल्ममध्येसुद्धा माणूस चालतोय, चालतोय, चालतोच आहे. बाहेरच्यांना ते कंटाळवाणं वाटलं. नवाहोंच्या लेखी चालणं हीच मुख्य गोष्ट होती.

हे वाचलं आणि आजीची पायपीट आठवली.

आपल्याकडे सांगली जिल्ह्यातल्या सोमनाथ वाघमारे यांनी 2017 साली कोरेगाव भीमावर माहितीपट केला. नावातच 'अनएंडिंग जर्नी' आहे, न संपणारा प्रवास. लढाई एका दिवसात संपली, जाणारी माणसं संपली नाहीत. पुढं 2023 साली त्यांचा 'चैत्यभूमी' आला. फिल्म आली त्याच्या पुढच्याच 1 जानेवारीला, 2018 ला, कोरेगावात हिंसाचार झाला. तेव्हा टीव्हीचे कॅमेरे धावत आले. त्यांना दगड दिसले, जाळपोळ दिसली. भाकरी बांधून आलेली म्हातारी दिसली नाही. तिला बघायला आपलाच डोळा लागतो.

माझी आजी गेली. तिचा आवाज कुठंच नाही. दोष कुणाला देऊ? पाटी-पेन्सिल तिच्या हाती नव्हती, माझ्या होती. मीच लिहून घेतलं नाही.

आज तुमच्या प्रत्येकाच्या खिशात कॅमेरा आहे. मोर्च्यात स्वतःचे फोटो पुष्कळ काढता. येत्या एक जानेवारीला तो जरा वळवा. शेजारी चालणाऱ्या म्हातारीला विचारा, "आजी, पहिल्यांदा कधी आलीस? कुणाबरोबर आलीस?" आणि मध्ये न बोलता ऐका. तिचं चालणं पुरतं टिपा.

नाहीतर उद्या आपल्यावरची फिल्मही दुसराच कुणी काढील. आपण तिच्यात अपाची म्हणून उभे असू.

जयभीम.