पोटगी-वसुली (मुंबई उपनगरे)
न्यायालयाने मंजूर केलेली निर्वाहाची थकीत रक्कम देणाऱ्याकडून मिळवण्याची कायदेशीर कार्यवाही (→ पोटगी). तिचा मुख्य आधार १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम १२५ हा होता. १ जुलै २०२४ पासून त्याची जागा भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १४४ ने घेतली. उपनगरांतील असे अर्ज वांद्र्याच्या कुटुंब न्यायालयात चालतात (→ कुटुंब न्यायालय). कौटुंबिक हिंसाचार कायद्याखालील मागण्या अंधेरी, बोरिवली, मुलुंड येथील दंडाधिकाऱ्यांपुढेही येतात.

थकबाकी देय झाल्यापासून वर्षाच्या आत अर्ज केल्यास वसुलीचे वॉरंट निघते. त्यानंतरही रक्कम थकली, तर प्रत्येक महिन्याच्या बाकीसाठी एक महिन्यापर्यंत कैद होऊ शकते. मात्र कैद भोगल्याने देणे फिटत नाही (कुलदीप कौर खटला, १९८९). पोटगीच्या दिवाणी हुकूमनाम्याच्या वसुलीत पगाराचा एक तृतीयांश भाग जप्तीपासून सुरक्षित असतो (→ जप्ती).

कळीचा प्रश्न खऱ्या हलाखीचा. नोकरी गेली म्हणून आदेश आपोआप थांबत नाही; बदललेली परिस्थिती सिद्ध करून नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १४६ खाली रक्कम कमी करून घ्यावी लागते. महाराष्ट्रातून सर्वोच्च न्यायालयात गेलेल्या रजनेश विरुद्ध नेहा (२०२०) या खटल्यानंतर दोन्ही पक्षांना उत्पन्न, मालमत्ता व कर्जे प्रतिज्ञापत्रावर उघड करणे बंधनकारक आहे. धडधाकट पतीने अंगमेहनत करूनही पत्नी व अल्पवयीन मुलांचा निर्वाह चालवावा, असे त्याच न्यायालयाने अंजू गर्ग खटल्यात (२०२२) म्हटले.