लेंटुलसचे पत्र

दिवाळीत शेजारीपाजारी फराळाची ताटे पोचवण्याचे काम आमच्या घरी माझ्याकडे असे. गोंदियाच्या रेल्वे वसाहतीला लागून आमचे घर होते. गोंदिया तेव्हा भंडारा जिल्ह्यातच मोडे. त्याचा स्वतंत्र जिल्हा झाला तो १९९९ साली. आमच्यापासून दोन घरे सोडून एक ख्रिस्ती मावशी राहत. त्या इस्पितळात परिचारिका होत्या, यजमान रेल्वेत होते. आमच्याकडून त्यांना चकल्या-करंज्या जात आणि नाताळात त्यांच्याकडून केकच्या दोन फोडी व, मौज अशी की, पुन्हा करंज्याच येत. ताट रिकामे परत द्यायचे नाही म्हणून मावशी साखरेचा डबा शोधू लागत, आणि तेवढा वेळ मी भिंतीवरची तसबीर पाहत उभा राहत असे.

तसबीर येशूची होती. मधोमध भांग, खांद्यावर रुळणारे पिंगट केस, टोकाशी दुभंगलेली दाढी, निळसर डोळे. चित्राखाली त्याच चौकटीत एक पिवळा पडलेला छापील कागद होता. त्यावर मराठीत एक पत्र होते. येशूला प्रत्यक्ष पाहिलेल्या पुब्लियुस लेंटुलस नावाच्या रोमन अधिकाऱ्याने ते रोमच्या सिनेटला धाडले, असे वर म्हटले होते. मला त्या कागदाचे फार नवल वाटे. आमच्या देवघरातल्या कोणत्याच देवाखाली असा सरकारी दाखला नव्हता!

पुढे मी इतिहास शिकलो. एका दिवाळीला सुटीवर आलो असता मावशींनी खुर्ची पुढे केली आणि विचारले, “काय रे, तू एवढा इतिहास शिकलास. मग सांग बरं, हे पत्र खरं आहे का?”

उत्तर मला ठाऊक होते. तरी मी चहाचा कप उचलून थोडा वेळ काढला. ज्या कागदासमोर एक बाई तीस-पस्तीस वर्षे रोज सकाळी हात जोडते, तो बनावट आहे असे तिच्याच घरात, तिचाच चहा पीत कसे सांगावे?

त्या कागदाची हकीकत मोठी रंजक आहे. मत्तय, मार्क, लूक व योहान अशी चार शुभवर्तमाने ख्रिस्ती मंडळी प्रमाण मानतात. त्यांत येशूचे बोलणे आहे, चालणे आहे, जेवणे-रडणेही आहे. पण तो दिसायला कसा होता याविषयी एक अक्षर नाही. बाप्तिस्मा देणारा योहान उंटाच्या केसांचे वस्त्र नेसत असे, हे सांगितले आहे. येशूविषयी मात्र एवढेच, की कार्याला आरंभ केला तेव्हा तो सुमारे तीस वर्षांचा होता. उलट तो चारचौघांसारखाच दिसत असावा असे वाटायला जागा आहे. शिपायांना तो ओळखू यावा म्हणून यहूदाला त्याचे चुंबन घेऊन खूण करावी लागली. आणि मग्दालिया मरियेला तर तो पहाटेच्या वेळी बागेचा माळीच वाटला.

आपल्याकडे अशी अडचण पडत नाही. प्रत्येक देवाचा ध्यानश्लोक असतो. वर्ण कोणता, भुजा किती, कोणत्या हाती काय, सारे त्यात बांधून दिलेले. बुद्धाची तर बत्तीस महापुरुषलक्षणे मोजून ठेवली आहेत. ख्रिस्ती भक्ताला असा ध्यानश्लोक मिळाला नाही, आणि भक्ताचे मन रिकाम्या चौकटीवर फार काळ ठरत नाही. मग ज्याला जे हवे ते त्याने भरले. दुसऱ्या शतकातला केल्सस हा ख्रिस्तविरोधी लेखक म्हणे, की येशू बुटका आणि कुरूप होता. स्वतः ख्रिस्ती असलेले तर्तुलियन व क्लेमेंटही त्याला रूपवान मानायला तयार नव्हते, कारण यशया संदेष्ट्याच्या ग्रंथात प्रभूच्या सेवकाला रूप नाही असे वर्णन आहे. पुढे जेरोम आणि क्रिसोस्तोम यांनी स्तोत्रसंहितेचा आधार घेऊन तो अत्यंत सुंदर असल्याचे सांगितले. ऑगस्टिनने मात्र सरळ कबूल केले, की प्रभूचा चेहरा आपल्याला माहीत नाही. मला विचाराल तर या साऱ्या मंडळींत तोच खरा इतिहासकार.

चित्रकारांचेही तेच. सीरियातील दुरा-युरोपोस येथे तिसऱ्या शतकातल्या भिंतीवर येशू काढला आहे, तो आखूड केसांचा आणि दाढी नसलेला तरुण आहे. मावशींच्या घरची लांब केसांची व दाढीची मुद्रा रूढ झाली ती पुढच्या शतकांत.

शुभवर्तमानांबाहेर राहिलेले, चर्चने प्रमाण न मानलेले असे कितीतरी ग्रंथ त्या काळी निघाले. त्यांतल्या एकात संत पौलाचे वर्णन आहे: ठेंगू, टकला, वाकड्या पायांचा, भुवया जुळलेल्या, नाक जरा बाकदार, आणि तरीही प्रसादाने भरलेला. तर्तुलियन सांगतो, की हा ग्रंथ आशिया प्रांतातल्या एका धर्मगुरूने पौलावरच्या प्रेमापोटी रचला, आणि ते उघडकीस आल्यावर त्याला पद सोडावे लागले. ‘योहानाची कृत्ये’ या दुसऱ्या ग्रंथात तर किनाऱ्यावर उभा असलेला येशू याकोबाला लहान मूल दिसतो आणि त्याच होडीत बसलेल्या योहानाला देखणा पुरुष. ‘थोमाची कृत्ये’ या ग्रंथातला थोमा हबान नावाच्या व्यापाऱ्याबरोबर सुतार म्हणून भारतात, गुंदफर राजाकडे येतो. या राजाची नाणी वायव्य सरहद्दीकडे सापडली आहेत. वाटेत एका राजकन्येच्या लग्नघरात येशू प्रकट होतो, तो हुबेहूब थोमाचेच रूप घेऊन. आणि मी थोमा नव्हे, त्याचा भाऊ आहे, असे त्याला सांगावे लागते!

या ग्रंथांपुढे लेंटुलसचे पत्र अगदी रुक्ष, म्हणूनच लोकांना खरे वाटले. त्यात केसांचा रंग पिकलेल्या हेझलच्या फळासारखा, कानापर्यंत सरळ, तेथून खाली कुरळे. कपाळ नितळ, दाढी दुभंगलेली. तो मनुष्यांत सर्वांत सुंदर, आणि त्याला रडताना पाहिले आहे, हसताना कोणी पाहिलेले नाही, असा मजकूर आहे. पण यहूदियावर लेंटुलस नावाचा कोणी सुभेदार झालाच नाही. पिलाताच्या आधी तेथे वालेरियुस ग्रातुस होता, आणि त्याच्या कारकिर्दीत येशूने उपदेशाला आरंभही केला नव्हता. शिवाय अशा अधिकाऱ्याने कागद धाडायचा तो बादशहाकडे, सिनेटकडे नव्हे. आणि ‘सत्याचा संदेष्टा’ हा शब्द रोमन दप्तरातला नव्हे, तो देवळातला. हे पत्र १४७४ साली कोलोन येथे लुडोल्फ नावाच्या साधूच्या ख्रिस्तचरित्रात प्रथम छापले गेले. त्याच्या आधीच, १४४० मध्ये, लोरेंझो वाल्ला या इटालियन पंडिताने त्याला खोटे ठरवले होते. रोमन बादशहा कॉन्स्टंटाइनच्या नावावरचे बनावट दानपत्र ज्याने उघडे पाडले तोच हा वाल्ला. पण छापखान्यापुढे पंडिताचे काय चालणार!

हसू नये. इब्राहिमखान नावाच्या सरदाराचे चित्र शिवछत्रपतींचे म्हणून आपणही मिरवलेच, वा. सी. बेंद्रे यांनी खरे चित्र पुढे आणले तेव्हा कुठे ती चूक सुधारली.

आता हे पत्र भारतात कधी आले? मावशींच्या भिंतीवर येण्याच्या साडेतीनशेहून अधिक वर्षे आधी. संत फ्रान्सिस झेवियरचा नातेवाईक जेरोम झेवियर हा जेझुइट पाद्री गोव्याहून अकबराच्या दरबारी गेला होता. त्याने लाहोरच्या अब्दुस सत्तार याच्या साहाय्याने १६०२ मध्ये ‘मिरात-उल-कुद्स’ हे फारसी ख्रिस्तचरित्र लिहिले. त्यात अबगार राजाची कथा घातली, तसे लेंटुलसचे वर्णनही घातले. ज्या दरबारात चित्रकार बसवून पोथ्या सजवत, तेथे चेहरा नसलेला नायक कसा चालावा? १६३९ मध्ये लायडेनच्या लुई द द्यू या प्रॉटेस्टंट पंडिताने हा ग्रंथ छापला, तेव्हा भेसळ केलेले चरित्र असा शेरा त्याच्या नावातच घालून टाकला. झेवियर तोवर गोव्यात निवर्तला होता.

आणि आता आमच्या गोंदियाची गोष्ट. १८९३ साली नारायण वामन टिळक नावाचे कोकणातले कवी नागपूरहून राजनांदगावला नोकरीसाठी निघाले. बंगाल-नागपूर रेल्वेची ती गाडी गोंदिया, आमगाव, सालेकसा अशी डोंगरगडाकडे जाते. डब्यात भेटलेल्या एका गोऱ्या सहप्रवाशाने गप्पांच्या ओघात त्यांना ‘नव्या करारा’ची प्रत दिली.  पुस्तक वाचता वाचता डोंगरावरच्या प्रवचनापाशी टिळक थांबले ते थांबलेच, आणि १८९५ च्या फेब्रुवारीत मुंबईस त्यांनी बाप्तिस्मा घेतला. लक्ष्मीबाईंच्या ‘स्मृतिचित्रे’मुळे पुढचे सारे रामायण घरोघरी ठाऊक आहे.

आमच्या स्टेशनावरून गेलेल्या त्या पुस्तकात येशूचे केस, दाढी, डोळे काहीच नव्हते. टिळकांचे काही अडले नाही. तुकोबांच्या वाटेने आपण ख्रिस्तापर्यंत आलो असे ते म्हणत, आणि अभंगांत त्यांनी येशूला चक्क ‘माय’ केले. आईला दुभंगलेली दाढी कुठून लावणार?

हे सगळे मी मावशींना सांगितले. वाल्ला आणि ग्रातुस गाळून, जरा सोपे करून. त्या कपातल्या चहाकडे पाहत होत्या. मला वाटले, दुखावल्या. मग त्यांनी विचारले, “म्हणजे तो कधी हसला नाही, हेही त्या खोट्या माणसानंच लिहिलंय?”

“हो, मावशी.”

“बाई गं!” त्या म्हणाल्या. “पस्तीस वर्षं मुलांच्या वॉर्डात काढली मी. पोरं त्याच्याकडे धावत जात, मांडीवर बसत, असं पुस्तकात आहे. न हसणाऱ्या माणसाकडे पोरं जातात होय? मी रोज वाचायचे आणि रोज मनात अडखळायचे. पण साहेबाचं पत्र, खोटं कसं म्हणायचं?”

ताटात साखर घालून त्यांनी ते माझ्या हाती दिले.

नाताळात करंज्या आणायला पुन्हा गेलो. तसबीर जागच्या जागी होती. खालचा कागद काढून तेथे त्यांनी नातवंडांचा एक फोटो खोचला होता. त्यात धाकट्याचे पुढचे दोन्ही दात पडलेले होते.