स्पॅनिश फुटबॉल क्लबांनी जिंकलेले प्रमुख करंडक

स्पॅनिश फुटबॉल क्लबांनी जिंकलेले प्रमुख करंडक म्हणजे स्पेनमधील क्लबांनी राष्ट्रीय, युरोपीय आणि जागतिक स्तरावरील अधिकृत स्पर्धांत मिळवलेली विजेतेपदे होत. राष्ट्रीय स्तरावर ला लीगा ही साखळी स्पर्धा, कोपा देल रे ही बाद पद्धतीची स्पर्धा आणि सुपरकोपा दे एस्पान्या हे तीन करंडक प्रमुख मानले जातात. युरोपीय स्तरावर चॅंपियन्स लीग, युरोपा लीग आणि सुपर चषक, तसेच आता बंद झालेला चषकविजेत्यांचा चषक यांचा समावेश होतो. या लेखातील आकडे २०२४-२५ च्या हंगामाच्या अखेरपर्यंतचे आहेत.

ही गणना वरवर पाहता सोपी वाटते. प्रत्यक्षात तशी ती नाही. कोणती स्पर्धा अधिकृत धरावी आणि ते कोणी ठरवावे, या प्रश्नांची उत्तरे स्पेनमध्ये अनेकदा खेळाच्या मैदानाबाहेर दिली गेली आहेत. राजसत्ता, प्रजासत्ताक, यादवी युद्ध आणि हुकूमशाही या चारही अवस्थांतून हे करंडक गेले असल्यामुळे क्लबांनी स्वतः मांडलेले आकडे आणि महासंघाचे आकडे काही ठिकाणी जुळत नाहीत.

कोपा देल रे

स्पेनमधील ही सर्वांत जुनी राष्ट्रीय स्पर्धा असून ती १९०३ पासून खेळली जाते. पहिल्या स्पर्धेत ॲथलेटिक बिल्बाओने माद्रिद संघाला ३-२ असे पराभूत केले. सर्वाधिक ३२ विजेतेपदे बार्सेलोनाच्या नावावर आहेत. त्याखालोखाल ॲथलेटिक बिल्बाओ (२४), रेआल माद्रिद (२०), ॲटलेटिको माद्रिद (१०) आणि व्हालेन्सिया (८) यांचा क्रम लागतो. रेआल झारागोझाने सहा वेळा, तर सेव्हियाने पाच वेळा हा चषक जिंकला आहे. फ्रान्सच्या सीमेलगतच्या इरून या लहान गावातील रेआल उनियोन या क्लबाच्या खात्यावर चार विजेतेपदे आहेत, हे आज अनेकांना आश्चर्याचे वाटेल. परंतु ती सर्व १९२७ किंवा त्यापूर्वीची आहेत.

स्पर्धेचे नाव राजवटीबरोबर बदलत गेले. ‘कोपा देल रे’ म्हणजे राजाचा चषक. १९३१ मध्ये राजा तेरावा आल्फोन्सो देश सोडून गेला आणि प्रजासत्ताक स्थापन झाले, तेव्हा हाच चषक प्रजासत्ताकाच्या अध्यक्षांच्या नावाने ओळखला जाऊ लागला. त्याच सुमारास रेआल माद्रिदच्या नावातील ‘रेआल’, अर्थात ‘राजेशाही’, हा शब्दही गळून पडला. यादवी युद्ध संपल्यावर १९३९ पासून चषकाला जनरल फ्रांको यांच्या ‘हेनेरालिसिमो’ (सरसेनापती) या पदवीचे नाव देण्यात आले व ते १९७६ पर्यंत टिकले. राजेशाही पुन्हा आल्यानंतर जुने नाव परतले. त्या नावाने १९७७ मध्ये झालेला पहिला अंतिम सामना रेआल बेतिसने ॲथलेटिक बिल्बाओविरुद्ध पेनल्टी शूटआऊटमध्ये जिंकला. नावे बदलली तरी महासंघ या सर्व वर्षांचा करंडक एकच मानतो.

यादीतील पहिला वाद १९०२ चा आहे. आल्फोन्सोच्या राज्यारोहणानिमित्त त्या वर्षी माद्रिद येथे राज्याभिषेक चषक खेळवला गेला. तो ‘व्हिस्काया’ या नावाने उतरलेल्या, बिल्बाओतील दोन क्लबांच्या संयुक्त संघाने बार्सेलोनाला २-१ असे हरवून जिंकला. या दोन क्लबांपैकी एक ॲथलेटिक होता आणि दुसरा पुढे त्यातच विलीन झाला. चषक आज ॲथलेटिकच्या संग्रहालयात आहे व क्लब स्वतःची विजेतेपदे २५ असल्याचे सांगतो; महासंघ मात्र १९०२ ची स्पर्धा मोजत नाही. उलट १९१० आणि १९१३ या दोन वर्षी संघटनांतील फुटीमुळे प्रत्येकी दोन प्रतिस्पर्धी स्पर्धा झाल्या, आणि त्या चारही विजेत्यांना अधिकृत यादीत स्थान आहे.

मुक्त स्पेनचा चषक, १९३७

गणनेचा प्रश्न सर्वांत तीव्र होतो तो १९३७ च्या चषकाबाबत. युद्धापूर्वीचा शेवटचा अंतिम सामना २१ जून १९३६ रोजी व्हालेन्सिया येथे झाला. त्यात माद्रिद संघाने बार्सेलोनाला २-१ असे हरवले. सामन्याच्या अखेरीस गोलरक्षक रिकार्दो सामोरा यांनी अडवलेला फटका स्पॅनिश फुटबॉलच्या स्मृतीत आजही कायम आहे. त्यानंतर महिना उलटण्याच्या आतच लष्करी उठाव होऊन देश दुभंगला आणि ला लीगा तीन हंगाम बंद राहिली.

युद्ध चालू असतानाच प्रजासत्ताकाच्या ताब्यातील भूमध्य सागरी किनाऱ्यावर फुटबॉल मात्र खेळले जात होते. तेथे १९३७ मध्ये ‘कोपा दे ला एस्पान्या लिब्रे’, म्हणजे मुक्त स्पेनचा चषक, ही स्पर्धा घेण्यात आली. तिचा अंतिम सामना उठावाला एक वर्ष पूर्ण होत असताना, १८ जुलै १९३७ रोजी, बार्सेलोनात झाला. व्हालेन्सिया शहरातीलच दोन क्लब समोरासमोर होते. लेव्हांतेने व्हालेन्सियावर १-० असा विजय मिळवला.

युद्ध संपल्यावर विजयी पक्षाने या स्पर्धेची दखल घेतली नाही. १९३९ मध्ये सेव्हियाने रासिंग दे फेरोलला ६-२ असे हरवून हेनेरालिसिमो चषक जिंकला व यादी १९३६ वरून थेट १९३९ वर गेली. लोकशाही आल्यानंतरही ही रिकामी जागा दीर्घकाळ तशीच राहिली. २००७ मध्ये स्पेनच्या संसदेच्या कनिष्ठ सभागृहाने या विजेतेपदाला मान्यता देण्याचे आवाहन महासंघाला केले. व्हालेन्सियासारख्या अनेक करंडक मिळवलेल्या क्लबाला एखाद्या चषकाने फारसा फरक पडला नसता. लेव्हांतेची स्थिती वेगळी आहे: या क्लबाने ला लीगा किंवा कोपा देल रे कधीही जिंकलेली नाही. त्याच्या दृष्टीने १९३७ चा चषक मोजला जाणे आणि न जाणे यांत संपूर्ण इतिहासाचे अंतर आहे.

ला लीगा

राष्ट्रीय साखळी स्पर्धा १९२९ मध्ये दहा संघांनिशी सुरू झाली. तोवर चषक जिंकलेले सहा क्लब, चषकाचे तीन उपविजेते आणि पात्रता स्पर्धेतून आलेला रासिंग दे सांतान्देर असे तिचे स्वरूप होते. पहिले विजेतेपद बार्सेलोनाने मिळवले. आजवरच्या ९४ हंगामांत केवळ नऊ क्लब विजेते ठरले आहेत: रेआल माद्रिद ३६, बार्सेलोना २८, ॲटलेटिको माद्रिद ११, ॲथलेटिक बिल्बाओ ८, व्हालेन्सिया ६, रेआल सोसियेदाद २, आणि प्रत्येकी एकदा रेआल बेतिस (१९३४-३५), सेव्हिया (१९४५-४६) व देपोर्तिवो ला कोरुन्या (१९९९-२०००). यांपैकी रेआल माद्रिद, बार्सेलोना आणि ॲथलेटिक बिल्बाओ हे तीन क्लब सर्वोच्च श्रेणीतून कधीही खाली गेलेले नाहीत.

युद्धोत्तर काळातील पहिली दोन विजेतेपदे ज्या संघाने मिळवली, तो आजचा ॲटलेटिको माद्रिद होय. मात्र तेव्हा तो हवाई दलाच्या संघाशी विलीन झालेला असून त्याच्या नावात ‘आव्हियासियोन’ हा शब्द होता. पुढे परकीय भाषांतील नावांवर बंदी आल्याने इंग्रजी वळणाच्या ‘ॲथलेटिक’चे सर्वत्र ‘ॲटलेटिको’ झाले. माद्रिदच्या क्लबाने ते नाव कायम ठेवले, तर बिल्बाओच्या क्लबाने संधी मिळताच जुने नाव परत घेतले. जुन्या याद्या वाचताना हा फरक ध्यानात ठेवावा लागतो.

१९५० च्या दशकापासून रेआल माद्रिदचे वर्चस्व सुरू झाले. या क्लबाने १९६१ ते १९६५ आणि १९८६ ते १९९० असे दोनदा सलग पाच वेळा विजेतेपद मिळवले. या दोन कालखंडांच्या दरम्यान बास्क प्रदेशातील क्लबांनी चार वर्षे गाजवली. १९८१ मध्ये रेआल सोसियेदादच्या हेसुस मारिया सामोरा यांनी गिखोन येथे अखेरच्या क्षणी बरोबरीचा गोल केला आणि समान गुण असूनही रेआल माद्रिद मागे राहिला. पुढच्या वर्षी सोसियेदादने विजेतेपद राखले. त्यानंतरची दोन वर्षे ॲथलेटिक बिल्बाओची होती. १९८४ मध्ये तर त्याने लीग व चषक दोन्ही जिंकले. केवळ बास्क प्रदेशाशी नाते असलेल्या खेळाडूंनाच संघात घेण्याचे धोरण पाळून ॲथलेटिकने हे यश मिळवले, हे लक्षात घेतले पाहिजे. त्यानंतरच्या कोपा देल रेसाठी मात्र बिल्बाओला २०२४ पर्यंत, म्हणजे चाळीस वर्षे, थांबावे लागले.

योहान क्रायुफ यांच्या मार्गदर्शनाखाली बार्सेलोनाने १९९१ ते १९९४ या काळात सलग चार विजेतेपदे मिळवली. त्यांतील शेवटची तीन हंगामाच्या अखेरच्या दिवशी निश्चित झाली. १९९२ आणि १९९३ मध्ये रेआल माद्रिदने तेनेरीफे बेटावरील शेवटचा सामना गमावला. १९९४ चा प्रसंग अधिक क्लेशदायक होता. देपोर्तिवोला विजेतेपदासाठी व्हालेन्सियाविरुद्ध एका गोलाची गरज होती. शेवटच्या मिनिटात पेनल्टी मिळाली. मिरोस्लाव्ह जुकिच यांचा फटका गोलरक्षकाने अडवला आणि समान गुण असूनही करंडक बार्सेलोनाकडे गेला. देपोर्तिवोने सहा वर्षांनी हे विजेतेपद मिळवलेच; परंतु २०२० मध्ये तोच क्लब तिसऱ्या श्रेणीत घसरला.

२००४ मध्ये व्हालेन्सियाने शेवटची लीग जिंकल्यानंतरच्या २१ हंगामांपैकी १९ हंगाम रेआल माद्रिद व बार्सेलोना यांनी आपसांत वाटून घेतले. अपवाद केवळ ॲटलेटिको माद्रिदचा (२०१४ व २०२१). प्रत्येक क्लब आपल्या सामन्यांचे दूरचित्रवाणी हक्क स्वतंत्रपणे विकत असे व त्यामुळे बहुतांश उत्पन्न या दोघांकडे जाई, हे या विषमतेचे एक महत्त्वाचे कारण होय. २०१५ च्या शासकीय हुकूमाने हक्कांची विक्री सामुदायिक करण्यात आली. विजेत्यांच्या यादीत मात्र अद्याप त्याचा फारसा परिणाम दिसत नाही.

सुपरकोपा दे एस्पान्या

लीग व चषक विजेत्यांमधील ही स्पर्धा १९८२ पासून खेळली जाते. पहिला विजेता रेआल सोसियेदाद होता. बार्सेलोना १५ आणि रेआल माद्रिद १३ विजेतेपदांसह आघाडीवर आहेत. २०२० पासून ती चार संघांची झाली असून बहुतेक वेळा सौदी अरेबियात भरवली जाते. स्पेनचा करंडक परदेशात खेळवण्यावर देशात टीका झाली आहे.

युरोपीय करंडक

युरोपियन चषक आणि त्याचे आजचे रूप असलेली चॅंपियन्स लीग स्पॅनिश क्लबांनी वीस वेळा जिंकली आहे. इतर कोणत्याही देशाची संख्या याहून कमी आहे. यांतील १५ विजेतेपदे रेआल माद्रिदची व ५ बार्सेलोनाची. १९५६ च्या पहिल्या अंतिम सामन्यात रेआल माद्रिदने पॅरिसमध्ये रँस संघाला ४-३ असे हरवले आणि पुढील चार वर्षेही चषक सोडला नाही. १९६० मध्ये ग्लासगो येथे आइनट्राख्ट फ्रँकफुर्टविरुद्धच्या ७-३ अशा विजयात फेरेंक पुश्काश यांनी चार व आल्फ्रेदो दी स्तेफानो यांनी तीन गोल केले. १९६६ च्या सहाव्या विजयानंतर क्लबाला १९९८ पर्यंत वाट पाहावी लागली. बार्सेलोनाला पहिला चषक १९९२ मध्ये वेम्बली येथे रोनाल्ड कूमान यांच्या फ्रीकिकमुळे लाभला. लीग, चषक व चॅंपियन्स लीग एकाच हंगामात जिंकण्याची कामगिरी स्पेनमध्ये फक्त बार्सेलोनाने, २००९ आणि २०१५ मध्ये, केली आहे.

ॲटलेटिको माद्रिदने ही स्पर्धा कधीही जिंकली नाही. तीन अंतिम सामने त्याने गमावले. २०१४ मध्ये लिस्बन येथे नियोजित वेळ संपून गेल्यानंतर सेर्हियो रामोस यांनी बरोबरी साधली व जादा वेळेत रेआल माद्रिद ४-१ असा विजयी झाला. २०१६ मध्ये त्याच प्रतिस्पर्ध्याने पेनल्टी शूटआऊटमध्ये मात केली. १९७४ चा पराभव बायर्न म्युनिककडून झाला होता; परंतु बायर्नने माघार घेतल्याने उपविजेता ॲटलेटिको आंतरखंडीय चषक खेळला आणि तो जिंकला. युरोपियन चषक न जिंकताही आंतरखंडीय चषक मिळवण्याचा हा दुर्मीळ प्रसंग आहे.

युएफा चषक आणि त्याची उत्तराधिकारी युरोपा लीग यांत मात्र सेव्हियाची मक्तेदारी दिसते. २००६ ते २०२३ या काळात या क्लबाने सात अंतिम सामने खेळले व सातही जिंकले. ॲटलेटिको माद्रिद तीनदा, रेआल माद्रिद दोनदा आणि व्हालेन्सिया एकदा विजेता ठरला. २०२१ मध्ये सुमारे पन्नास हजार वस्तीच्या विलारेआल गावातील क्लबाने मँचेस्टर युनायटेडला पेनल्टी शूटआऊटमध्ये ११-१० असे हरवून आपला पहिला मोठा करंडक मिळवला. निर्णायक पेनल्टी मँचेस्टरच्या गोलरक्षकाची होती. १९९९ मध्ये बंद झालेला चषकविजेत्यांचा चषक बार्सेलोनाने चार वेळा, तर ॲटलेटिको, व्हालेन्सिया व झारागोझा यांनी प्रत्येकी एकदा जिंकला. झारागोझाचा १९९५ मधील विजय जादा वेळेच्या शेवटच्या मिनिटात नायिम यांनी दुरून आर्सेनलच्या गोलरक्षकाच्या डोक्यावरून मारलेल्या गोलामुळे झाला. युरोपीय सुपर चषक स्पॅनिश क्लबांकडे १७ वेळा आला आहे.

आंतरशहरी जत्रा चषक

व्यापारी जत्रा भरवणाऱ्या शहरांच्या संघांसाठी १९५५ मध्ये सुरू झालेली ही स्पर्धा युएफाच्या अखत्यारीत नव्हती. तिच्या पहिल्या आठ स्पर्धांपैकी सहा स्पॅनिश क्लबांनी जिंकल्या: बार्सेलोना तीन (१९५८, १९६०, १९६६), व्हालेन्सिया दोन (१९६२, १९६३) व झारागोझा एक (१९६४). १९७१ मध्ये तिची जागा युएफा चषकाने घेतली, तेव्हा जुना करंडक कोणाकडे राहावा यासाठी पहिला विजेता बार्सेलोना व शेवटचा विजेता लीड्स युनायटेड यांच्यात एक सामना खेळवण्यात आला. तो बार्सेलोनाने २-१ असा जिंकला. युएफा आपल्या नोंदींत ही विजेतेपदे धरत नाही, क्लब मात्र ती आपल्या यादीत दाखवतात. त्यामुळे बार्सेलोनाचे एकूण करंडक वेगवेगळ्या ठिकाणी वेगवेगळे आढळतात.

जागतिक करंडक

आंतरखंडीय चषक रेआल माद्रिदने १९६०, १९९८ व २००२ मध्ये जिंकला. ॲटलेटिकोच्या विजयाचा उल्लेख वर आला आहे. फिफा क्लब विश्वचषक रेआल माद्रिदने पाच वेळा व बार्सेलोनाने तीन वेळा मिळवला.

महिला क्लब

स्पेनमधील महिलांची राष्ट्रीय लीग १९८८ मध्ये सुरू झाली. ॲथलेटिक बिल्बाओच्या महिला संघाने ती पाच वेळा जिंकली आहे. बार्सेलोनाच्या संघाने २०२१, २०२३ व २०२४ मध्ये महिला चॅंपियन्स लीग जिंकली. २०२५ च्या अंतिम सामन्यात आर्सेनलकडून त्याचा ०-१ असा पराभव झाला. क्लबांच्या करंडकांच्या प्रचलित याद्यांत महिला संघांची विजेतेपदे बहुधा वेगळी दाखवली जातात किंवा वगळली जातात.