कांजी हाऊस, कोंडवाडा अन् बिनघोड्याचे पोलीस

उत्तर नागपुरातला कांजी हाऊस चौक सगळ्यांना माहीत आहे. पण 'कांजी' म्हणजे काय? भाताच्या पेजेशी त्याचा काही संबंध नाही. मूळ शब्द 'काईन हाऊस'. काईन म्हणजे जुन्या इंग्रजीत गाई. थोडक्यात, आपला कोंडवाडा.

१८७३ मध्ये कॅनडानं आपल्या विरळ वस्तीच्या गवताळ मुलखासाठी घोडेस्वार पोलीस दल उभारलं. पुढे तिथं गुरांचे मोठे कळप आले, तेव्हा गुरंचोर पकडायचं कामही त्याच स्वारांकडे आलं. आपल्याकडे इंग्रजांनी दोन वर्षं आधीच, १८७१ साली, स्वस्तातली युक्ती काढली होती. गुरांच्या अतिक्रमणाचा कायदा केला आणि धरपकडीचं काम शेतकऱ्याच्याच गळ्यात घातलं! उभ्या पिकात ढोर शिरलं तर त्यानंच धरायचं, चोवीस तासांत कोंडवाड्यात पोचवायचं. धरताना कोणी आडवा आला तरच पोलीस मदतीला. ढोर हिसकावून नेणाऱ्याला सहा महिने कैद किंवा पाचशे रुपये दंड.

दंडाचे दरही ठरलेले. शेळी-मेंढी एक आणा, गाय-बैल चार आणे, म्हैस आठ आणे, हत्ती दोन रुपये. चाऱ्याचा खर्च वेगळा. सात दिवसांत मालक आला नाही की ठाण्याला वर्दी जायची, मग गावात अन् जवळच्या बाजारात दवंडी. आणखी सात दिवस वाट पाहून लिलाव. म्हणजे गुरांच्या बाबतीत पोलिसाला घोड्यापेक्षा ढोलच जास्त लागायचा.

व्यवस्था चोख होती, पण न्यायाची होती असं मी म्हणणार नाही. आर्वी-कारंज्याकडे गवळाऊ गाई राखणाऱ्या नंदगवळ्यासारख्या माणसाचं सगळं पोटच चराईवर. ज्याच्याकडे रान नाही त्याचीच ढोरं दुसऱ्याच्या धुऱ्यावर जाणार, अन् चार आणे नसले तर गाय लिलावात जाणार.

आज उलटं झालंय. २०१५ च्या कायद्यानं गाईसोबत बैलाच्याही कत्तलीवर बंदी आली, म्हातारा बैल विकायची सोय गेली. मोकाट ढोरं रस्त्यावर अन् शेतात. जागल करणाऱ्या शेतकऱ्यानं ढोर धरलं तरी नेऊन कोंडायचं कुठं?

२०२० मध्ये आपल्याच काटोलचे तेव्हाचे गृहमंत्री अनिल देशमुख यांनी मुंबईत १९३२ साली बंद पडलेलं घोडदळ पोलीस पथक पुन्हा आणायची घोषणा केली. बातमी मोठी झाली. कोंडवाड्यांबद्दल मात्र कोणी घोषणा करत नाही.

तुमच्या गावचा कोंडवाडा कुठं होता, अन् आज त्या जागेवर काय उभं आहे, जरूर लिहा.