मान्य संहितेतील अमान्य स्वर : ‘रेपुब्लिका’ आणि पोलंडमधील सेन्सॉरशिप

१३ डिसेंबर १९८१ रोजी पोलंडमध्ये लष्करी कायदा जारी झाला. ‘सॉलिडॅरिटी’ या स्वतंत्र कामगार संघटनेचे नेते स्थानबद्ध झाले. दूरध्वनी पुन्हा सुरू झाले, तेव्हा संभाषणावर नियंत्रण असल्याची ध्वनिमुद्रित सूचना कानी पडू लागली. अनेक नटांनी सरकारी दूरचित्रवाणीवर बहिष्कार घातला. रॉक संगीत मात्र याच काळात आकाशवाणीवर आणि रंगमंचावर बहरले. या विसंगतीमुळे ‘रेपुब्लिका’ या वाद्यवृंदाचे मूल्यमापन आजही अवघड ठरते.

तोरुन्य या विद्यापीठीय शहरात १९८१ मध्ये हा वृंद आकाराला आला. त्याचा कवी, गायक आणि पियानोवादक ग्झेगोश चेहोव्स्की (१९५७-२००१) हा पोलिश भाषा-साहित्याचा विद्यार्थी होता. त्याच्या आधीच्या पिढीतील बारान्चाकप्रभृती ‘नव्या लाटे’च्या कवींनी शासकीय भाषाच कवितेत आणून तिचा पोकळपणा उघड केला होता. चेहोव्स्कीच्या रचनांचे नाते या परंपरेशी जुळते.

गीताचे शब्द सादरीकरणापूर्वी सेन्सॉर कार्यालयाकडून संमत करून घ्यावे लागत. साहजिकच अनेकांनी रूपकाचा आडोसा घेतला. ‘रेपुब्लिका’चे वेगळेपण या आडोशापेक्षा तिच्या रूपबंधात अधिक आहे. पियानोचे तुटक आघात, यंत्रवत आवर्तने, किंचाळीपर्यंत ताणलेला स्वर आणि रंगमंचावरील काळे-पांढरे पट्टे यांतून सुसूत्रीकरणाचे विडंबन साकारते. ‘कोंबिनात’ या गीतात व्यक्ती आणि अवाढव्य उद्योगसंकुल यांतील सीमारेषाच पुसली जाते. येथे निषेधाचा उच्चार नाही. निवेदक यंत्राच्याच भाषेत बोलतो. शब्दांवर शाई फिरवता येते, परंतु आवाजातील भय टंकलिखित कागदावर उमटत नाही. संमत संहिता आणि प्रत्यक्ष प्रयोग यांमधील ही फट चेहोव्स्कीने नेमकी हेरली होती.

तथापि तिला निर्भेळ प्रतिकार म्हणणे भाबडेपणाचे ठरेल. १९८३ चा ‘नोवे सितुआत्स्ये’ (‘नव्या परिस्थिती’) हा पहिला संग्रह परदेशस्थ पोलिश भांडवलावर चालणाऱ्या ‘पोल्टन’ कंपनीने अधिकृतपणेच काढला. तरुणांचा असंतोष संगीतात विरून जावा म्हणून शासनाने रॉकला मोकळीक दिली, असा ‘सुरक्षा झडपे’चा आक्षेप तेव्हापासून घेतला जातो. १९८५ मध्ये यारोचिनच्या महोत्सवात श्रोत्यांतील एका गटाने या वृंदावर टोमॅटो फेकले; वृंद वाजवत राहिला. लोकप्रियतेलाच तडजोड मानणारा श्रोताही त्या काळाने घडवला होता.

झडपेच्या सिद्धान्तात तथ्य आहे, पण तो कलाकृतीविषयी काहीच सांगत नाही. परवानगी देणाऱ्याचा हेतू म्हणजे कृतीचा अर्थ नव्हे. १९८६ मध्ये वृंद विखुरला. १९९० मध्ये सेन्सॉर कार्यालय बंद झाले आणि त्याच वर्षी वृंद पुन्हा एकत्र आला. ज्या नियंत्रणाला ती गीते चकवत होती, ते नाहीसे झाल्यावरही ती निष्प्रभ झाली नाहीत. केवळ सेन्सॉरला चकवणे एवढेच त्यांचे कार्य असते, तर सेन्सॉरबरोबरच ती संपली असती. माणसाच्या मुखात यंत्राची भाषा कशी रुजते, याचा शोध त्यांनी घेतला होता. आणि तो शोध एका राजवटीपुरता नव्हता.