पेल्यामागचा हिशेब



स्मरणिकेसाठी लेख मागताना संपादक मंडळाने मला विषयाची मोकळीक दिली होती. विषय मात्र आपल्याच ग्रुपवर मिळाला. स्नेहसंमेलनाच्या संध्याकाळी ‘बसायचे’ की नाही, यावर आठवडाभर वाद रंगला. एका बाजूचे म्हणणे, हे पाश्चात्त्यांचे खूळ, आपल्या संस्कृतीत बसत नाही. दुसऱ्या बाजूचे उत्तर तयारच होते : आपले पूर्वज तर सोमरस प्यायचे! कॉलेजात इतिहास शिकवण्यात माझी तेहतीस वर्षे गेली. दोन्ही बाजूंनी इतिहासालाच साक्षीला बोलावलेले पाहून मला गप्प बसवेना. निकाल देणे माझे काम नव्हे. साक्ष तेवढी नीट नोंदवतो.

पहिली गोष्ट, मद्य कोणा एका देशाचे नाही. गोड रस किंवा भिजलेले धान्य राहून गेले की ते आंबते, आणि माणसाला त्याची चव व गुण दोन्ही कळतात. चीनमधील जिआहू येथे सुमारे ९,००० वर्षांपूर्वीच्या मडक्यांत तांदूळ, मध आणि फळे एकत्र आंबवल्याचे अंश सापडले आहेत. जॉर्जियात इ.स.पू. ६००० च्या सुमाराच्या मातीच्या भांड्यांत द्राक्षमद्याच्या खुणा मिळाल्या. इस्रायलमधील राकेफेत गुहेत तर धान्य आंबवल्याचे सुमारे १३,००० वर्षांपूर्वीचे पुरावे मिळाल्याचे संशोधकांनी २०१८ मध्ये मांडले. म्हणजे शेती सुरू होण्याच्याही आधीचे. भाकरीसाठी माणूस धान्याकडे वळला की बिअरसाठी, असा वाद अभ्यासकांनी १९५३ मध्येच घातला होता आणि तो अजून मिटलेला नाही.

पण मद्य जुने आहे एवढ्याने काही सिद्ध होत नाही. चोरीही जुनीच आहे. मला महत्त्वाचे वाटते ते असे, की जिथे जिथे मद्य आले, तिथे तिथे त्याच्या पाठोपाठ त्याचा हिशेब आला.

हे शब्दशः खरे आहे. आजच्या इराकमधील उरुक शहरात सुमारे ५,००० वर्षांपूर्वी लेखनकला आकार घेत होती. त्या काळातल्या मातीच्या पाट्यांवर कथा-कविता नाहीत, जमाखर्च आहे. त्यांतल्या एका प्रसिद्ध पाटीवर २९,०८६ मापे जव, ३७ महिन्यांचा काळ आणि ‘कुशिम’ असे चिन्ह आहे. ते माणसाचे नाव असेल किंवा हुद्द्याचे. पण तो जव बिअरसाठी होता, असे अभ्यासक मानतात. जगात लिहून ठेवलेल्या सर्वांत जुन्या नावांत ज्याची गणना होते, ते एखाद्या राजाचे नसून बिअरच्या कोठाराचा हिशेब ठेवणाऱ्याचे असावे, हे सांगितले की माझे विद्यार्थी हमखास जागे होत.

सुमेरमध्ये बिअर ही चैन नव्हती, शिधा होता. जव भिजवून, मोड आणून, वाळवून, भरडून ती करीत. ती दाट असे, वर फोलपटे तरंगत. म्हणून मोठ्या मडक्याभोवती बसून लांब नळ्यांनी ती ओढून घेत. उरच्या राजघराण्याच्या थडग्यांत सोन्या-चांदीच्या नळ्यादेखील मिळाल्या. इ.स.पू. २०५० च्या आसपास सरकारी कामावर फिरणाऱ्या निरोप्यांना भाकरी, तेल आणि बिअर मोजून मिळत असे, आणि त्याच्या नोंदी असलेल्या पाट्या मोठ्या संख्येने उपलब्ध आहेत. आपल्यापैकी ज्यांनी सरकारी खात्यात प्रवासभत्त्याची बिले भरली, त्यांना हे वाचून आपुलकी वाटेल.

हिशेब आला की कायदा येतो. बाबिलोनचा राजा हम्मुराबी याची इ.स.पू. १७५० च्या सुमाराची कायद्याची शिळा पॅरिसच्या लूव्र संग्रहालयात आहे. तिच्यात बिअर विकणाऱ्या बाईबद्दल स्वतंत्र कलमे आहेत. त्या काळी हा व्यवसाय बहुधा बायकांच्या हाती होता. भावात लबाडी करून गिऱ्हाइकाला फसवले तर तिला पाण्यात टाकावे. तिच्या गुत्त्यात बसून कोणी कट करीत असतील आणि तिने त्यांना राजवाड्यात हजर केले नाही, तर देहदंड. उधारीवर दिलेल्या बिअरच्या बदल्यात सुगीला किती धान्य घ्यायचे, हेही ठरलेले. शिक्षा आज आपल्याला क्रूर वाटतात आणि त्या होत्याच. पण पेला भरून देणाऱ्याची जबाबदारी तिथे संपत नाही, हा विचार त्यांत स्पष्ट आहे.

इजिप्तमध्येही भाकरी आणि बिअर ही रोजची गरज. पिरॅमिड बांधणाऱ्या मजुरांना याच दोन गोष्टी शिध्यात मिळत. अॅबिडोस येथे २०२१ मध्ये सुमारे ५,००० वर्षांपूर्वीचा बिअरचा मोठा कारखाना उजेडात आल्याचे जाहीर झाले. त्याचे आठ विभाग, प्रत्येकात चाळीसेक रांजण, आणि एका वेळी अंदाजे २२,४०० लिटर बिअर तयार करण्याची सोय. ही बिअर राजांच्या धार्मिक विधींसाठी असावी. देवतेच्या उत्सवात धुंद होण्याला तिथे मान्यता होती.

आणि तरीही त्याच इजिप्तमधले एक लिखाण आपण सर्वांनी, विशेषतः आपल्या गुरुजनांनी, जरूर ऐकावे. इ.स.पू. १२०० च्या सुमाराच्या एका पपायरसवर एका लेखनिक-गुरूने आपल्या विद्यार्थ्याला लिहिलेले खरमरीत पत्र आहे. तू लिहिणे-वाचणे सोडून गल्लोगल्ली भटकतोस, तुझ्या अंगाला बिअरचा वास येतो, बिअरने तुझे माणूसपण जाईल, असा त्याचा आशय. गंमत म्हणजे अशी पत्रे पुढची मुले सरावासाठी उतरवून काढीत. म्हणजे दारू पिऊ नये, हे तिथले शुद्धलेखनच होते! ज्या देशात बिअर हे रोजचे अन्न होते, तिथल्या मास्तरांना तिची भीतीही पुरती ठाऊक होती.

ग्रीकांनी वेगळी वाट काढली. ते द्राक्षमद्य मोठ्या कुंभात पाणी घालून पातळ करीत. निर्जळ पिणे हे रानटीपणाचे लक्षण मानले जाई. मैफलीत एक प्रमुख निवडत आणि पाणी किती, मद्य किती, हे तो ठरवी. प्लेटोने ‘लॉज’ या ग्रंथात सुचवले, की अठरा वर्षांखालील मुलांनी मद्याला शिवू नये, तिशीपर्यंत ते बेताने घ्यावे आणि चाळिशीनंतर मोकळीक असावी. (हे वाक्य ग्रुपवर अर्धेच फिरवले जाईल, याची मला खात्री आहे.) मात्र याच ग्रीकांच्या मैफलीत घरच्या स्त्रियांना प्रवेश नव्हता. मितिलिनी या नगराचा शासक पिट्टाकस याने नियम केला होता, की गुन्हा नशेत केला असेल तर शिक्षा दुप्पट. ‘प्यायला होता, सोडून द्या’ हे वाक्य सव्वीसशे वर्षांपूर्वी त्याने कायद्याने बाद केले.

आता आपल्याकडे येऊ. सोम आणि सुरा एक नव्हेत. सोम हा एका वनस्पतीचा रस, यज्ञात देवांना अर्पण करायचा. सुरा ही आंबवलेली. सोमाची स्तुती करणाऱ्या ऋग्वेदातच, सातव्या मंडलातल्या वरुणसूक्तात, माणसाच्या हातून पाप घडवणाऱ्या गोष्टींत सुरेला क्रोध आणि द्यूत यांच्या शेजारी बसवले आहे. तेव्हा सोमाचा दाखला देऊन पेला उचलता येत नाही. ‘आपल्याकडे नव्हतेच’ हेही टिकत नाही. इसवी सनाच्या पहिल्या शतकातल्या ‘पेरिप्लस’ या ग्रीक प्रवासग्रंथात भडोच बंदरात इटलीचे मद्य उतरत असल्याची नोंद आहे, आणि त्याच बंदराकडे पैठण व तेर येथून गाड्यांनी माल जात असल्याचीही. आपल्या नेवाशाच्या उत्खननात मद्याच्या परदेशी कुंभांची खापरे मिळाली.

सर्वांत बारकाईने विचार केला कौटिल्याने. ‘अर्थशास्त्रा’त सुराध्यक्ष नावाचा स्वतंत्र अधिकारी आहे. मद्य बाहेर न्यायचे तर थोडेच, तेही ओळखीच्या आणि सचोटीच्या माणसाने. बाकीच्यांनी मद्यगृहातच बसून प्यावे. तिथे बसायला आसने, निजायला बिछाने, पाणी हे सारे हवे. ऐपतीबाहेर खर्च करणाऱ्यावर हेरांनी नजर ठेवावी. उत्सव, यात्रा यांसाठी चार दिवसांची परवानगी. आणि माझ्या मते सर्वांत मोलाचा नियम हा : गिऱ्हाईक नशेत झोपले असता त्याचा दागिना हरवला, तर विकणाऱ्याने तो भरून द्यावा आणि तेवढाच दंडही भरावा.

या सगळ्या साक्षींत एक समान सूत्र आहे. सर्वांसाठी सरसकट खुले, असे कोणीच सोडले नाही. किती, कधी, कोणाबरोबर आणि शुद्ध गेल्यावर जबाबदार कोण, हे प्रश्न प्रत्येक समाजाने विचारले. उत्तरे चुकलीही, बायकांवर अन्यायही झाला. पण प्रश्न सुटले नाहीत.

आणखी एक फरक लक्षात घ्यायला हवा. ती बिअर, ते द्राक्षमद्य आंबवलेले होते. आंबवण्यात मद्यार्क साधारण चौदा-पंधरा टक्क्यांवर गेला की किण्वच मरते. निसर्गानेच लगाम घातलेला आहे. अर्क काढण्याची भट्टी हाती आल्यावर तो लगाम सुटला. युरोपात बाराव्या शतकाच्या सुमारास मद्याचा अर्क काढू लागले. आज दुकानात मिळणाऱ्या व्हिस्की-रमच्या बाटलीत बेचाळीस टक्क्यांहून अधिक मद्यार्क असतो. सुमेरच्या मडक्याचा दाखला या बाटलीला लागू पडत नाही. शिवाय ते मडके मध्ये ठेवून चौघे भोवती बसत. बाटली माणूस एकटा, दार लावून संपवू शकतो.

या स्मरणिकेत श्रद्धांजलीचे एक पान आहे. त्यावर आपल्या वर्गातली चार नावे आहेत. त्यांतल्या दोघांना कशाने नेले, ते आपल्याला ठाऊक आहे आणि कोणी बोलत नाही. त्यांतला एक वर्गात माझ्या पुढच्या बाकावर बसायचा. गणितात तो आपल्या सर्वांच्या पुढे होता. त्याच्या पत्नीने शेवटची नऊ वर्षे शिवणकाम करून घर चालवले आणि दोन्ही मुलांना शिकवले. त्या नऊ वर्षांचा हिशेब कोणत्याही मातीच्या पाटीवर नाही, म्हणून तो इथे लिहिला.

संमेलनाच्या संध्याकाळी काय करायचे, ते समिती ठरवील. माझे मागणे वेगळे आहे. ग्रुपवर आपण एकशेबारा जण आहोत. त्यांत आजही कोणाच्या घरात हा प्रश्न असेल, स्वतःचा, भावाचा, मुलाचा. त्याने किंवा तिने आपल्यापैकी एकाला तरी फोन करावा. आपल्या वर्गात तीन डॉक्टर आहेत, व्यसनमुक्तीच्या कामात दहा वर्षे घालवलेली एक मैत्रीण आहे, आणि रात्री कितीही वाजता फोन उचलणारे बरेच जण आहेत. त्या यादीत माझेही नाव धरा.