चाबूकस्वाराची सर्कस

१८७९ साली जुझेप्पे कियारिनी या इटालियन माणसाने मुंबईत आपल्या सर्कशीचा तंबू ठोकला. ‘रॉयल इटालियन सर्कस’ या नावाचा तेव्हा जगभर दबदबा होता. पन्नाशी ओलांडलेला कियारिनी स्वतः घोड्यांचा शिक्षक, आणि घराणे कित्येक पिढ्यांचे खेळवाले. सम्राट मॅक्सिमिलियनच्या अमदानीत त्याने मेक्सिकोत सर्कस चालवली होती. पुढे कॅलिफोर्निया, ऑस्ट्रेलिया, न्यूझीलंड असे करत करत, घोडे आणि माणसे जहाजावर चढवून हा माणूस अर्धी पृथ्वी पालथी घालून मुंबईला पोहोचला होता.

त्याच्या प्रेक्षकांत कुरुंदवाडचे संस्थानिक बाळासाहेब पटवर्धन होते आणि त्यांच्याबरोबर त्यांच्या पागेचे चाबूकस्वार विष्णुपंत मोरेश्वर छत्रे. चाबूकस्वार म्हणजे घोड्याला चाल शिकवणारा, अडेल जनावराला माणसात आणणारा माणूस. पुढचा प्रसंग महाराष्ट्रात शंभर वेळा सांगून झाला आहे. हिंदुस्थानात अशी सर्कस नाही आणि ती उभी राहायला अजून बराच काळ जावा लागेल, असे कियारिनी बोलून गेला. विष्णुपंतांना ते लागले. काही महिन्यांत सर्कस उभी करून दाखवतो, असा पण त्यांनी केला. पैज किती रुपयांची होती, मुदत किती महिन्यांची होती, हे सांगणारा प्रत्येकजण वेगवेगळे सांगतो. मात्र पण पुरा झाला, याबद्दल दुमत नाही. २० मार्च १८८० रोजी निवडक निमंत्रितांसमोर ‘ग्रेट इंडियन सर्कस’चा पहिला खेळ झाला.

ही गोष्ट आपल्याकडे नेहमी स्वाभिमानाची गोष्ट म्हणून सांगितली जाते. गोऱ्या माणसाने हिणवले, मराठी माणूस पेटून उठला, त्याने करून दाखवले. यात खोटे काही नाही, पण अर्धीच गोष्ट आहे. चीड आली म्हणून घोडा शिकत नाही. घोड्याला वर्दळीत, दिव्यांच्या झगमगाटात, बँडच्या गोंगाटात एका लयीत फेर धरायला लावायचे, तर त्यामागे वर्षांची मेहनत लागते. ती मेहनत विष्णुपंतांनी मुंबईला येण्याच्या कितीतरी आधी करून ठेवली होती.

विष्णुपंतांचा जन्म १८४० च्या सुमाराचा, आजच्या सांगली जिल्ह्यातल्या अंकलखोपचा. तरुणपणी ते ग्वाल्हेरला गेले. गाण्याची ओढ होती, म्हणून हद्दूखाँसाहेबांकडे गाणे शिकले आणि बाबासाहेब आपट्यांकडे अश्वविद्या. गळा आणि लगाम दोन्ही एकाच गावात हाती आले. तिथून परतल्यावर ते कुरुंदवाडच्या पागेत रुजू झाले. कृष्णा आणि पंचगंगा यांच्या संगमाशेजारचे हे संस्थान पटवर्धनांच्या इतर संस्थानांसारखेच लहान, पण घोड्याची पारख असलेले. संस्थानिकांच्या पागा ही त्या काळी घोडेस्वारीची विद्यापीठेच होती आणि विष्णुपंत अशाच एका विद्यापीठाचे आचार्य होते. इटालियन माणसाला याची कल्पना नव्हती. त्याला तंबू दिसला नाही, म्हणून विद्या नाही असे त्याने धरले.

तंबूतले रिंगण हे मूळचे घोड्यासाठीच आहे, हे आज झुले आणि विदूषक पाहणाऱ्यांच्या लक्षात येत नाही. १७६८ साली लंडनमध्ये फिलिप अॅस्टली या माजी लष्करी घोडेस्वाराने वर्तुळात घोडा पळवण्याचे खेळ सुरू केले आणि प्रयोगाअंती त्याचा व्यास ठरला ४२ फूट. आजही जगभरच्या सर्कशींचे रिंगण बहुतेक याच मापाचे असते. घोडा वर्तुळात पळू लागला की तो आतल्या बाजूला कलतो. त्याच्या पाठीवर उभा असलेला स्वारही आत कलतो. कलण्याचे प्रमाण आणि वेग यांचा मेळ बसला की स्वाराचे पाय पाठीला जणू चिकटतात. रिंगण फार मोठे केले तर हा आधार नाहीसा होतो, आणि फार लहान केले तर घोड्याला धड पळताच येत नाही. घोड्याच्या पाठीवर राळेची भुकटी चोळतात, म्हणजे तळवा घसरत नाही. पण राळ आणि रिंगण हे नंतरचे. सगळे अवलंबून असते ते घोड्याच्या चालीवर. त्याने एक पाऊल आखडते घेतले किंवा बुजून मान वळवली, तर वर उभा असलेला माणूस रिंगणाच्या बाहेर. म्हणून चाबूकस्वार मधोमध उभा राहतो आणि लांब चाबकाच्या नुसत्या टोकाने, अंगाला न लावता, घोड्याची लय राखतो. विष्णुपंतांची उमेदीची वर्षे याच कामात गेली होती.

वर्तुळात कलण्याची हीच विद्या बर्फावरच्या जोडीच्या स्केटिंगमध्ये दिसते. तिथे पुरुष एका जागी रोवून उभा राहतो आणि त्याचा एक हात धरून स्त्री जवळजवळ बर्फाला समांतर होत त्याच्याभोवती फिरते. इटलीच्या रिमिनी शहरातल्या मात्तेओ ग्वारिझेचे उदाहरण घ्या. तो मुळात चाकांच्या स्केटवरचा खेळाडू. सारा वेनेरुच्चीबरोबर २००८ मध्ये त्याने रोलर स्केटिंगच्या जोडी प्रकारात जागतिक विजेतेपद मिळवले. मग चाके सोडून तो पात्यांवर आला, निकोल देल्ला मोनिकाबरोबर ऑलिंपिक खेळला, आणि २०२४ मध्ये, पस्तिसाव्या वर्षी, लुक्रेत्सिया बेक्कारी या नव्या जोडीदारिणीबरोबर युरोपचा विजेता झाला. खाली चाक होते तिथे पाते आले, पण जोडीदारिणीला उचलण्याचा, झेलण्याचा, तिच्या वजनाशी आपले वजन तोलण्याचा वर्षानुवर्षांचा सराव त्याने बरोबर आणला होता. पागेतून रिंगणात आलेल्या विष्णुपंतांचेही तसेच झाले. धंदा नवा होता, हात जुना होता.

आणि विष्णुपंतही एकटे नव्हते. ग्रेट इंडियन सर्कसमध्ये घोड्यावरची मुख्य कामे त्यांची, तर झुल्यावरची कामे आणि जनावरांना शिकवणे त्यांच्या पत्नीकडे. १८८० साली, ज्या काळात मराठी रंगभूमीवर स्त्रियांच्या भूमिका पुरुषच करत आणि घरंदाज बाईने चारचौघांत येणे हाच बोभाट्याचा विषय होता, त्या काळात एक ब्राह्मण बाई तंबूच्या उंचीवर झुल्यावर काम करत होती. अॅना ह्यूब्लर आणि हाइन्रिख बुर्गर या जर्मन जोडीने ऑलिंपिकमधले जोडीच्या स्केटिंगचे पहिले सुवर्णपदक जिंकले ते १९०८ मध्ये, म्हणजे अठ्ठावीस वर्षांनी. त्या दोघांची नावे क्रीडेतिहासात पक्की नोंदलेली आहेत. छत्र्यांच्या घरातली ही बाई मात्र सर्कशीच्या इतिहासांत बहुतेक ठिकाणी ‘विष्णुपंतांची पत्नी’ एवढ्यावरच उरकली जाते. मराठी सर्कशीच्या इतिहासातला हा सगळ्यात मोठा अन्याय आहे आणि तो कुणा परक्याने केलेला नाही.

सर्कस चालली. दक्षिण हिंदुस्थान, सिलोन, पुढे सिंगापूर, जावा असे दौरे झाले. अमेरिकेचाही बेत झाला, पण तिथल्या अवाढव्य सर्कशींपुढे कुरुंदवाडच्या तंबूचा टिकाव लागला नाही आणि मंडळी परतली. हे अपयश झाकून ठेवण्याचे कारण नाही. ज्या देशात सर्कशी स्वतःच्या आगगाड्यांतून गावोगाव फिरत, तिथवर जाण्याची हिंमत एका लहान संस्थानाच्या चाबूकस्वाराने केली, हेच विलक्षण आहे.

दक्षिणेच्या दौऱ्यात मलबारातल्या तेल्लिचेरीला, म्हणजे आजच्या थलश्शेरीला, विष्णुपंतांची गाठ कीलेरी कुन्हिकण्णन या कसरतीच्या शिक्षकाशी पडली. कलरी या युद्धकलेची परंपरा असलेला तो मुलूख. शरीर कमावलेली मुले तिथे होती आणि विष्णुपंतांना अशीच माणसे हवी होती. सर्कशीसाठी मुले तयार करण्याची कल्पना या भेटीतून रुजली. कुन्हिकण्णन यांनी १९०१ मध्ये थलश्शेरीजवळ चिरक्करा येथे सर्कशीची शाळा काढली. १९०४ मध्ये त्यांचे शिष्य परियाली कण्णन यांनी ‘ग्रँड मलबार सर्कस’ सुरू केली. पुढच्या अर्ध्या शतकात हिंदुस्थानातल्या सर्कशींचे कलावंत आणि मालक मोठ्या संख्येने त्या एका तालुक्यातून आले.

विष्णुपंतांचे गाण्याचे वेडही सर्कशीबरोबर फिरले. त्यांचे गुरू हद्दूखाँ यांचे पुत्र रहिमतखाँ भ्रमिष्टावस्थेत बनारसला भटकत होते. विष्णुपंतांनी त्यांना आपल्याकडे आणले आणि सांभाळले. सर्कस ज्या गावी जाई तिथे खाँसाहेबांच्या बैठका होऊ लागल्या. भूगंधर्व म्हणून ज्याची ख्याती झाली तो हा गायक सर्कशीच्या तंबूच्या आधाराने पुन्हा गाता झाला आणि विष्णुपंतांच्या पश्चात कुरुंदवाडलाच राहिला. गुरूचे ऋण फेडण्याची ही रीत आजच्या कलावंतांनी लक्षात ठेवावी अशी आहे.

उतारवयात विष्णुपंतांनी सर्कस आपले बंधू काशिनाथपंत यांच्या हाती सोपवली. विसाव्या शतकाच्या आरंभी इंदूरला त्यांचे निधन झाले. तोवर कृष्णाकाठ सर्कशींनी गजबजला होता. म्हैसाळचे देवल, कार्लेकर, तासगावचे परशुराम माळी अशी एकापाठोपाठ एक नावे पुढे आली. सांगली, मिरज, तासगावच्या परिसरात पागा होत्या, तालमी होत्या, मल्लखांब होता, आणि नाटक मंडळ्यांमुळे बिऱ्हाड पाठीवर घेऊन गावोगाव फिरण्याचा सराव होता. सर्कशीला लागणारे जवळजवळ सगळे तिथे आधीपासूनच होते. कियारिनीने दाखवला तो तंबू आणि तिकिटाचा हिशेब.

या परंपरेतला जगभर गाजलेला माणूस म्हणजे दामू धोत्रे. १९०२ साली पुण्यात जन्म. मामा तुकाराम गणपत शेलार यांच्या सर्कशीत ते लहानपणीच गेले, सायकलवरच्या कसरती शिकले आणि हळूहळू वाघ, बिबळ्यांकडे वळले. युरोपात आल्फ्रेड कोर्ट या नामांकित फ्रेंच शिक्षकाबरोबर काम केले आणि १९४० च्या सुमारास ते अमेरिकेतल्या रिंगलिंग ब्रदर्सच्या सर्कशीत दाखल झाले. छत्र्यांचा तंबू जिथून हात हलवत परतला होता, तिथल्या सगळ्यात मोठ्या रिंगणात पुण्याचा हा माणूस उघड्या अंगाने, डोक्याला फेटा बांधून बिबळ्यांच्या घोळक्यात उभा राहिला. दुसऱ्या महायुद्धात ते अमेरिकी सैन्यातही होते. १९७३ मध्ये पुण्यात त्यांचे निधन झाले. त्यांच्या आठवणी भानू शिरधनकरांनी मराठीत आणल्या, म्हणून निदान एका सर्कसवाल्याचे आयुष्य मराठी वाचकाच्या हाती राहिले.

मग सर्कशीत मराठी माणूस मागे का पडला? सिनेमा आला, संस्थाने गेली, ही कारणे दिली जातात आणि ती बरोबरही आहेत. पण सिनेमा मलबारातही आला होता. खरा फरक शाळेचा आहे. कुन्हिकण्णन यांनी विद्या घराबाहेर काढली, तालमीत बसवली, कुणाही गरिबाच्या मुलाला शिकवली. कृष्णाकाठी सर्कस घराण्याच्या मालकीची राहिली आणि मालक थकले की तंबू गुंडाळला गेला. विष्णुपंत स्वतः दोन गुरूंपाशी राहून शिकले होते. त्यांच्यामागे कुरुंदवाडला एक शाळा उभी राहिली असती, तर चित्र वेगळे दिसले असते.

पुढच्या काळाने खेळाचे स्वरूपच बदलले. १९९८ च्या अधिसूचनेने वाघ, सिंह, बिबळे, अस्वले आणि माकडे यांच्या खेळांवर बंदी आली आणि २००१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती उचलून धरली. २०११ मध्ये त्याच न्यायालयाने सर्कशीत मुलांना कामाला ठेवण्यास मनाई केली. दोन्ही निर्णय योग्यच होते. पिंजऱ्यातल्या जनावराचे आणि शाळेबाहेरच्या पोराचे हाल कौतुकाच्या टाळ्यांत विसरता येत नाहीत. त्यानंतर सर्कस पुन्हा माणसाच्या अंगातल्या कसबावर आली. पुण्याची रॅम्बो सर्कस आजही मुंबई आणि उपनगरांत तंबू ठोकते. २०२० च्या टाळेबंदीत ही मंडळी मुलुंडहून खाडी ओलांडली की लागणाऱ्या ऐरोलीत अडकून पडली आणि त्यांनी खेळ चित्रित करून घरबसल्या प्रेक्षकांपर्यंत पोहोचवला.

कुरुंदवाड, म्हैसाळ, तासगाव, सांगली, पुणे या भागांतल्या अनेक जुन्या घरांत सर्कशीची हस्तपत्रके, जाहिराती, दौऱ्यांच्या वह्या, फोटो ट्रंकांमध्ये पडून असतील. ज्यांच्याकडे असे काही आहे त्यांनी ते रद्दीत घालू नये. फोटोतल्या माणसांची, विशेषतः झुल्यावरच्या बायकांची नावे घरातल्या वडीलधाऱ्यांना विचारून मागच्या बाजूला लिहून ठेवावीत आणि त्याची एक प्रत जवळच्या नगरवाचनालयाला द्यावी. ही नावे सांगू शकणारी पिढी आता नव्वदीच्या घरात आहे.